वर्गातील प्रक्षेपकाची निवड

वर्गातील प्रक्षेपक (रूढ शब्द : प्रोजेक्टर) हे संगणक, भ्रमणध्वनी अथवा अन्य साधनावरील चित्र प्रकाशझोताच्या साहाय्याने पडद्यावर किंवा भिंतीवर मोठे करून दाखवणारे अध्यापन-साधन होय. चित्रपटगृहातील प्रक्षेपकाला संपूर्ण अंधार मिळतो. वर्गात मात्र विद्यार्थ्याला पडद्याबरोबरच वही आणि फळाही दिसावा लागतो. त्यामुळे वर्गासाठी प्रक्षेपक निवडताना खोलीची लांबी, खिडक्यांतून येणारा प्रकाश, शेवटच्या बाकाचे अंतर आणि वीजपुरवठा यांचा विचार यंत्राच्या किमतीइतकाच महत्त्वाचा ठरतो.

इतिहास

प्रकाश आणि भिंगे यांच्या साहाय्याने चित्र मोठे करून दाखवणारे आरंभीचे साधन म्हणजे जादूचा कंदील. डच शास्त्रज्ञ क्रिस्तियान हायगेन्स यांनी १६५९ च्या सुमारास त्याची रचना केली, असे मानले जाते. महाराष्ट्रात कल्याण येथील महादेव गोपाळ पटवर्धन यांनी १८९० च्या दशकात हाताने रंगवलेल्या काचचित्रांचे खेळ 'शांबरिक खरोलिका' या नावाने दाखवले. भारतातील चित्रपटपूर्व दृश्यकलेत त्यांना महत्त्वाचे स्थान आहे.

विसाव्या शतकात शाळा-महाविद्यालयांत स्लाइड प्रक्षेपक, पुस्तकाचे पान थेट पडद्यावर दाखवणारा एपिडायस्कोप आणि पारदर्शक पत्र्यावर लिहून दाखवण्याचा ओव्हरहेड प्रक्षेपक ही साधने वापरात आली. ओव्हरहेड प्रक्षेपकामुळे शिक्षकाला विद्यार्थ्यांकडे तोंड करून लिहिता येऊ लागले. १९८७ साली टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स या कंपनीतील लॅरी हॉर्नबेक यांनी सूक्ष्म आरशांची चकती विकसित केली. १९८९ साली एप्सनने द्रवस्फटिक पटलांवर चालणारा आटोपशीर रंगीत प्रक्षेपक बाजारात आणला. आजचे बहुतेक वर्गप्रक्षेपक या दोन तंत्रांपैकी एकावर आधारलेले आहेत. कोडॅकने २००४ साली स्लाइड प्रक्षेपकांचे उत्पादन थांबवले.

भारतात शाळांमध्ये माहिती व संप्रेषण तंत्रज्ञान पोहोचवण्याची केंद्र शासनाची योजना २००४ साली सुरू झाली. महाराष्ट्रात २०१५ च्या 'प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र' कार्यक्रमानंतरच्या काळात अनेक जिल्हा परिषद शाळांनी लोकवर्गणीतून प्रक्षेपक घेतले. गावाने जमवलेल्या पैशातून अशी खरेदी सहसा एकदाच होते, त्यामुळे चुकलेली निवड दुरुस्त करण्याची संधी शाळेला क्वचितच मिळते.

रचना व प्रकार

प्रक्षेपकाचे तीन मुख्य भाग असतात : प्रकाशस्रोत, चित्र घडवणारे पटल आणि भिंगसमूह.

द्रवस्फटिक प्रक्षेपकात पांढऱ्या प्रकाशाचे लाल, हिरवा व निळा असे तीन भाग करून ते तीन पटलांमधून नेले जातात आणि पुन्हा एकत्र केले जातात. त्यामुळे रंगीत चित्राची प्रखरता पांढऱ्या चित्राइतकीच राहते. सूक्ष्म आरशांच्या एकचकती प्रक्षेपकात फिरत्या रंगचक्राद्वारे एकामागून एक रंग दाखवले जातात. अशा प्रक्षेपकात पांढऱ्याच्या मानाने रंगांची प्रखरता कमी असू शकते आणि काही जणांना नजर हलवताना इंद्रधनुष्यासारख्या रेषा जाणवतात. मात्र आरशांची चकती बंदिस्त असल्याने तिच्यावर धुळीचा परिणाम कमी होतो.

प्रकाशस्रोत म्हणून पारा असलेला दीप, एलईडी किंवा लेसर वापरतात.

निवडीचे निकष

चित्राचा आकार

सर्वांत मागच्या विद्यार्थ्याचे अंतर चित्राच्या उंचीच्या सहापटींहून अधिक नसावे, असा वाचनीय मजकुरासाठी प्रचलित नियम आहे. शेवटचा बाक पडद्यापासून ७.५ मीटरवर असेल, तर चित्र किमान १.२५ मीटर उंच हवे. १६:१० या प्रमाणात त्याची रुंदी २ मीटर होते. देवनागरीत मात्रा, अनुस्वार, रफार व जोडाक्षरे यांचे बारकावे अक्षराच्या मूळ आकाराहून लहान असतात. म्हणून मराठी मजकुराचा टंक इंग्रजी मजकुरापेक्षा मोठा ठेवणे हिताचे असते. मागच्या बाकावर 'मत' आणि 'मंत' यांत फरक दिसत नसेल, तर चित्र कितीही आकर्षक असले तरी त्या विद्यार्थ्यापुरता तो पाठ झालेला नसतो.

प्रखरता आणि खोलीतील उजेड

प्रक्षेपकातून बाहेर पडणारा एकूण प्रकाश ल्यूमेनमध्ये मोजतात, तर पृष्ठभागावर पडणारा प्रकाश लक्समध्ये. ल्यूमेनला चित्राच्या क्षेत्रफळाने (चौरस मीटर) भागले की लक्स मिळतात. प्रक्षेपक काळा रंग टाकू शकत नाही. पडद्यावर खोलीतला जो उजेड पडतो, तोच त्या चित्रातला काळा रंग असतो. मूळ मजकूर वाचून समजून घेण्यासाठी चित्रातील पांढरा भाग काळ्याच्या १५ पट उजळ असावा, अशी दृक्‌श्राव्य क्षेत्रातील अमेरिकी मानकाची शिफारस आहे. केवळ पाहण्यासाठी ७ पट पुरेसे मानतात.

वरील उदाहरणात चित्राचे क्षेत्रफळ २.५ चौरस मीटर आहे. प्रक्षेपक ३,५०० ल्यूमेनचा असल्यास पडद्यावर १,४०० लक्स प्रकाश पडतो. त्यावरून पुढील स्थिती दिसते :

* खोलीतील उजेड पडद्यावर ३०० लक्स असल्यास गुणोत्तर (१,४०० + ३००) ÷ ३०० म्हणजे सुमारे ५.७ येते. चित्र फिके दिसते.
* पडदे ओढून व फळ्याजवळचा दिवा बंद करून हाच उजेड १०० लक्सवर आणल्यास गुणोत्तर १५ होते.
* खिडक्या उघड्या ठेवून ३०० लक्समध्येच १५ चे गुणोत्तर साधायचे असल्यास १०,५०० ल्यूमेनचा प्रक्षेपक लागतो.

म्हणजे खिडकीचा जाड पडदा आणि फळ्याजवळच्या दिव्यासाठी वेगळे बटण एवढ्या साध्या सोयीने तिप्पट प्रखर यंत्राचे काम होते. मागच्या बाकांवरील दिवे चालू राहिल्यास विद्यार्थ्यांना वहीत लिहिताही येते.

स्वस्त लघुप्रक्षेपकांच्या जाहिरातींत दिलेले ल्यूमेनचे आकडे पुष्कळदा प्रमाणित मोजणीचे नसतात. पडद्याच्या नऊ भागांतील सरासरीवर आधारलेले 'एएनएसआय ल्यूमेन' किंवा 'आयएसओ २१११८' नुसार मोजलेला आकडाच तुलनेसाठी ग्राह्य धरावा लागतो.

चित्रबिंदूंची संख्या

मजकूर, नकाशे व आकृत्यांसाठी १२८० × ८०० चित्रबिंदू समाधानकारक, तर १९२० × १०८० अधिक चांगले मानले जातात. 'स्वीकारता येणारी' चित्रबिंदूसंख्या आणि यंत्राची 'मूळ' चित्रबिंदूसंख्या या भिन्न गोष्टी आहेत. ८०० × ४८० चे यंत्र मोठे चित्र स्वीकारते, पण ते दाखवताना तपशील गाळते.

अंतर व जागा

प्रक्षेपक आणि पडदा यांतील अंतराला चित्राच्या रुंदीने भागले असता प्रक्षेपण-गुणोत्तर मिळते. २ मीटर रुंद चित्रासाठी १.५ गुणोत्तराचा नेहमीचा प्रक्षेपक ३ मीटरवर, तर ०.५ गुणोत्तराचा लघुअंतर प्रक्षेपक १ मीटरवर बसवतात. पहिल्या प्रकारात फळ्याजवळ उभ्या शिक्षकाची सावली चित्रावर पडते आणि झोत त्याच्या डोळ्यांत जातो. भिंतीजवळच बसणाऱ्या अतिलघुअंतर प्रक्षेपकात हे टळते, परंतु त्यासाठी सपाट व ताणलेला पडदा लागतो, कारण भिंतीचा किंचित उंचसखलपणाही चित्र वाकडे करतो. यंत्र तिरपे ठेवून चित्र विद्युतीय पद्धतीने चौकोनी करता येते. मात्र त्यात काही चित्रबिंदू वाया जातात.

खर्च, वीज व देखभाल

बालकांच्या मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम, २००९ नुसार सहावी ते आठवीसाठी वर्षाला किमान २२० कामकाजाचे दिवस ठरलेले आहेत. रोज ४ तास वापर धरल्यास वर्षाला ८८० तास होतात. ४,००० तास आयुष्याचा दीप त्या हिशेबाने सुमारे साडेचार वर्षे पुरतो. लेसर स्रोताचे आयुष्य साधारणतः २०,००० तास सांगितले जाते. हा आकडा प्रखरता निम्म्यावर येईपर्यंतचा असतो. दीपाचा प्रक्षेपक आरंभी स्वस्त असला, तरी त्या नमुन्याचा दीप चार-पाच वर्षांनंतर जवळच्या शहरात मिळेल का, हे खरेदीआधी पाहावे लागते. दीपाअभावी कपाटात पडून राहिलेल्या यंत्रावरील सर्वच खर्च वाया जातो.

दीप विझल्यावर काही काळ पंखा चालू राहून यंत्र थंड होणे आवश्यक असते. वीज अचानक गेल्यास हे घडत नाही आणि दीपाचे आयुष्य घटते. म्हणून भारनियमनाच्या भागात अखंड वीजपुरवठा संच जोडतात. खडूची धूळ हवागाळणीत साचून यंत्र तापते. त्यामुळे गाळणी नियमित साफ करावी लागते. पारायुक्त दीप व निकामी यंत्रे नेहमीच्या कचऱ्यात न टाकता ई-कचरा म्हणून अधिकृत पुनर्चक्रण केंद्राकडे द्यावी लागतात.

सुरक्षितता

प्रक्षेपकाच्या भिंगाकडे जवळून थेट पाहणे डोळ्यांना अपायकारक आहे. उत्सुकतेपोटी लहान मुले झोतात डोकावतात. म्हणून यंत्र छताला किंवा मुलांच्या उंचीपलीकडे बसवणे आणि तारा पायात न येतील अशा रीतीने नेणे आवश्यक मानले जाते.

पर्याय व मर्यादा

स्पर्शसंवेदी सपाट पटल हा प्रक्षेपकाचा आजचा प्रमुख पर्याय आहे. त्यावर उजेडाचा परिणाम कमी होतो आणि दीप बदलावा लागत नाही. तथापि ७५ इंची पटलाची उंची सुमारे ०.९३ मीटर असते. सहापटीच्या नियमानुसार त्यावरील मजकूर सुमारे ५.६ मीटरपर्यंतच सहज वाचता येतो. त्यामुळे लांब खोलीत प्रक्षेपक अजूनही अधिक उपयुक्त ठरतो, तर लहान व उजेडाच्या खोलीत पटल सोयीचे असते.

प्रक्षेपक फळ्याची जागा पूर्णपणे घेत नाही. गणितातील पायऱ्या किंवा व्याकरणातील विग्रह शिक्षक फळ्यावर लिहीत असताना विद्यार्थी त्याच गतीने विचार करतात. तयार पानांच्या मालिकेत ही गती हरवण्याचा संभव असतो. हृदयाचे स्पंदन, ज्वालामुखीची रचना किंवा दूरच्या प्रदेशाचा नकाशा यांसारख्या, खडूने दाखवता न येणाऱ्या विषयांत मात्र प्रक्षेपकाचे मोल स्पष्ट दिसते. या कारणाने पडदा संपूर्ण फळ्यावर न लावता एका बाजूला लावणे अनेक शाळांना सोयीचे वाटते.

हेही पाहा

* फळा
* जादूचा कंदील
* शांबरिक खरोलिका
* ई-कचरा