भंगलेला शाळिग्राम

आमच्या देवघरात आजोबांच्या वेळचा एक शाळिग्राम आहे. काळा, गुळगुळीत, लिंबाएवढा. लहानपणी माझ्या हातून तो फरशीवर पडला आणि त्याचा टवका उडाला. मी रडू लागलो. आजी म्हणाली, "उगी. मूर्ती भंगली तर विसर्जन करतात. शाळिग्राम भंगला तरी देवच!"

हा दगड सापडतो नेपाळात, मुक्तिनाथाच्या खालून वाहणाऱ्या काळी गंडकीच्या पात्रात. विष्णूने जालंधराचे रूप घेऊन वृंदेला फसविले, तेव्हा तिने शाप दिला, 'तू दगड होशील!' देवाने तो मुकाट्याने सोसला. वृंदेची तुळस झाली. कार्तिकात आपण तिचे लग्न लावतो, ते पुष्कळ घरी याच दगडाशी. त्यातली चक्रे वज्रकीट नावाचा किडा कोरतो, असेही सांगतात.

भूशास्त्राची कथा निराळी. सुमारे १५ कोटी वर्षांपूर्वी तेथे टेथिस समुद्र होता. त्यातल्या अमोनाइट नावाच्या शंखधारी जलचरांचे हे जीवाश्म. पुढे हिमालय उठला आणि समुद्राचा तळ डोंगरात जाऊन बसला.

वर्गात हे सांगितले, तेव्हा एका मुलाने विचारले, "मग गुरुजी, आमचा देव खोटा?"

मी क्षणभर अडखळलो. म्हणालो, "बाळ, किड्याची गोष्ट खरी नसेल, पण या दगडात कुणा जिवाचा हात आहे, हे जुन्या माणसांनी ओळखले होते."

घरी येऊन शाळिग्राम हाती घेतला. टवका उडाला होता, नेमके तेथेच आतले चक्र दिसते.