घरगुती वनौषधी चहा

घरगुती वनौषधी चहा (अन्य नावे: हर्बल चहा, पाल्याचा चहा, सैल अर्थाने काढा) हे ताजी सुगंधी पाने, आले-सुंठेसारखी मुळे आणि आंबट-गोड रानफळे गरम पाण्यात मुरवून किंवा उकळून घरी केले जाणारे पेय होय. त्यात चहाची पत्ती नसते, म्हणून कॅफीनही नसते. महाराष्ट्रात गवती चहा, तुळस, पुदिना, पानओवा ही पाने आणि आवळा, बोर, जांभूळ, अंबाडीची बोंडे, कोकम हे आंबट घटक यासाठी वापरले जातात. प्रस्तुत लेखात मराठवाड्यातील, विशेषतः नांदेड जिल्ह्याच्या हिमायतनगर परिसरात मिळणाऱ्या वनस्पतींच्या आधारे या पेयाची माहिती दिली आहे.

नाव आणि व्याख्या

काटेकोर अर्थाने 'चहा' म्हणजे कॅमेलिया सायनेन्सिस या झुडपाच्या पानांपासून केलेले पेय. काळा, हिरवा, पांढरा असे चहाचे सर्व प्रकार याच एका झुडपाचे आहेत. त्यामुळे तुळशीचा किंवा गवती चहाचा अर्क हा शास्त्रीय दृष्ट्या चहा ठरत नाही. भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने डिसेंबर २०२५ मध्ये हीच भूमिका घेतली असून, या झुडपापासून न बनलेल्या उत्पादनांच्या वेष्टनावर 'चहा' हा शब्द दिशाभूल करणारा ठरतो, असे स्पष्ट केले आहे. घरगुती बोलण्याला अर्थातच हा नियम लागू नाही. 'गवती चहा' हे तर एका गवताचेच नाव होऊन बसले आहे.

मराठीत या पेयासाठी जुना शब्द 'काढा' हाच आहे. कढणे, कढी आणि काढा हे तिन्ही शब्द संस्कृत 'क्वथ्' (उकळणे) या धातूपासून प्राकृतमार्गे आलेले आहेत. म्हणजे काढा म्हटले की उकळणे आलेच. मात्र या पेयाचे सर्व घटक उकळावयाचे नसतात, आणि घरगुती कृतीत होणारी सर्वांत मोठी गल्लत नेमकी इथेच होते.

फांट, हिम आणि काढा

आयुर्वेदात वनस्पतीचा अर्क काढण्याच्या पाच मूलभूत रीती सांगितल्या आहेत: स्वरस, कल्क, क्वाथ, हिम आणि फांट. त्यांना 'पंचविध कषाय कल्पना' म्हणतात. चरकसंहितेत त्यांचा उल्लेख आहे आणि शार्ङ्गधरसंहितेच्या मध्यम खंडात त्यांची प्रमाणेही दिली आहेत. पाने ठेचून पिळलेला रस तो स्वरस, वाटून केलेला गोळा तो कल्क. उरलेल्या तीन रीती पाण्याच्या आहेत व चहाशी त्यांचाच संबंध येतो.

क्वाथ म्हणजे काढा. त्यात एक भाग भरड औषधाला सोळा भाग पाणी घालून, मंद आचेवर आठवा हिस्सा उरेपर्यंत आटवतात. फांट करताना औषधाच्या चूर्णावर चौपट उकळते पाणी ओतून, थोडा वेळ मुरू देऊन गाळतात. हिम हा थंड पाण्याचा प्रकार असून त्यात औषध सहापट पाण्यात रात्रभर भिजवून सकाळी गाळतात.

या विभागणीमागील कारण सोपे आहे. साल, मूळ, वाळलेले फळ हे घटक कठीण असतात. त्यांतील द्रव्ये पाण्यात उतरण्यासाठी उष्णता आणि वेळ लागतो. याउलट गवती चहा, तुळस, पुदिना यांचा गंध उडून जाणाऱ्या तेलांमध्ये असतो. गवती चहातील मुख्य गंधद्रव्य सिट्रल, तुळशीतील युजेनॉल, पुदिन्यातील मेंथॉलवर्गीय द्रव्ये, पानओव्यातील कार्व्हाक्रोल व थायमॉल ही सर्व वाफेबरोबर निघून जातात. पंधरा मिनिटे खळखळ उकळलेल्या तुळशीच्या पाण्याचा वास घरभर दरवळतो तो याचमुळे. जो वास घरात पसरला, तो पेल्यात उरलेला नसतो. म्हणून कोवळी पाने फांटाच्या रीतीने करावीत, मुळे व सालींचा काढा करावा. ज्या फळांतील 'क' जीवनसत्त्व राखायचे आहे, त्यांना हिमाची रीत अधिक मानवते.

हिमायतनगर परिसरातील साहित्य

हिमायतनगर (जुने नाव वाढोणा) हा नांदेड जिल्ह्याच्या उत्तर भागातील तालुका. पैनगंगा नदीपलीकडे यवतमाळ जिल्हा आणि पूर्वेला किनवटचा सागवानी वनप्रदेश असल्याने येथे शेतातील व रानातील अशी दोन्ही प्रकारची सामग्री मिळते.

*गवती चहा* (सिंबोपोगॉन सायट्रॅटस) बहुधा परसात, मोरीच्या किंवा न्हाणीच्या सांडपाण्यावर लावलेला असतो. त्याची लागवड बियांपासून नव्हे, तर ठोंब फोडून करतात. पात्यांच्या कडा धारदार असल्याने ती हाताने ओरबाडू नयेत, कात्रीने कापावीत. सांडपाण्यावर वाढलेली पाती वाहत्या स्वच्छ पाण्यात दोनदा धुणे आवश्यक आहे. याच प्रजातीतील रोशा गवत दिसायला मिळतेजुळते असते, पण त्याचा वास गुलाबासारखा येतो. ते सुगंधी तेलासाठी वापरतात.

*अंबाडी* हा या परिसराचा खरा ठेवा म्हणावा लागेल. ज्वारी-कापसाच्या शेतात कडेने अंबाडीचे तास घालण्याची पद्धत जुनी आहे. कोवळ्या पानांची ज्वारीच्या कण्या घालून केलेली भाजी सर्वांना माहीत आहे, वाखाचे दोरही वळले जात. परंतु बोंडांकडे फारसे कोणी पाहत नाही. मराठीत दोन वनस्पतींना अंबाडी म्हणतात. त्यांपैकी लाल, मांसल, आंबट पाकळ्यांसारखी आवरणे असलेली हिबिस्कस सॅबडॅरिफा ही पेयासाठी उपयोगी आहे. फूल गळून पडल्यावर फळाभोवती वाढणारे हे लाल आवरण (निदलपुंज) सोलून घेतात व आतील बीजकोश काढून टाकतात. इजिप्त आणि सुदानमध्ये 'करकदे' या नावाने प्रसिद्ध असलेले लाल पेय याच आवरणांचे असते; बाजारात 'फ्रूट टी' म्हणून मिळणाऱ्या अनेक पुड्यांचा लाल रंग आणि आंबटपणाही फळांचा नसून अंबाडीचाच असतो. जी वस्तू आपल्या बांधावर वाळून जाते, तीच रंगीत खोक्यातून परत विकत घेतली जाते, हे नोंदवण्याजोगे आहे.

फळांमध्ये *बोर*, *आवळा* आणि *जांभूळ* ही प्रमुख. बोरे व आवळे हिवाळ्यात येतात. तुळशीच्या लग्नात तुळशीपाशी बोरे, आवळे व चिंचा ठेवण्याची प्रथा आहे. या पेयाला लागणारे बरेचसे साहित्य त्या एकाच ताटात सापडते. वाळवलेल्या आवळ्याला आवळकाठी आणि वाळल्या बोरांच्या भुकटीला बोरकूट म्हणतात. दोन्ही वर्षभर टिकतात. बोराच्याच कुळातील, पण निराळ्या जातीच्या फळांचे उकळून केलेले पेय कोरियात 'देचूचा' या नावाने आवडीने घेतात. जांभूळ पावसाळ्याच्या तोंडावर येते व फार काळ टिकत नाही. करवंद आणि कोकम ही मात्र प्रामुख्याने सह्याद्री व कोकणाची देणगी.

कृती

दोन पेल्यांसाठी (सुमारे ३०० मिली) पुढील प्रमाण पुरते: गवती चहाची २ ते ३ पाती, तुळशीची ६-७ पाने, बोटाच्या अर्ध्या पेराएवढे आले, अंबाडीची ४-५ वाळलेली आवरणे. आवडीनुसार पुदिन्याची चार पाने किंवा पानओव्याचे एकच पान घ्यावे. पानओव्याचा गंध उग्र असल्याने अधिक घेतल्यास इतर चवी दबतात.

ठेचलेले आले पाण्यात घालून मंद आचेवर ४-५ मिनिटे उकळावे. त्यात अंबाडी घालून एक कढ येऊ द्यावा व आच बंद करावी. त्यानंतर कापलेला गवती चहा व हाताने चुरडलेली तुळस घालून लगेच झाकण ठेवावे. झाकण हा कृतीतला शोभेचा भाग नाही. वाफेबरोबर वर गेलेले तेल झाकणाला थंड होऊन पुन्हा खाली टपकते. ५ ते ७ मिनिटांनी गाळून घ्यावे. गोडी हवी असल्यास गूळ चालतो. मध घालायचा असल्यास पेय कोमट झाल्यावरच घालावा, कारण तापवलेला मध आयुर्वेदात वर्ज्य मानला आहे. एक वर्षाखालील बाळाला मध मुळीच देऊ नये. त्यातील जिवाणूंच्या बीजाणूंमुळे बॉट्युलिझम हा गंभीर आजार होऊ शकतो.

अंबाडी, आवळा किंवा लिंबू असलेल्या पेयात दूध घालू नये, ते नासते. आवळा वापरायचा असल्यास आवळकाठीचे तुकडे रात्री थंड पाण्यात भिजवून सकाळी ते पाणी कोमट पेयात मिसळणे इष्ट. ताज्या जांभळाचा किंवा बोराचा गर बी काढून कुस्करावा आणि शेवटी गाळताना घालावा.

भांडे आणि पाणी

आंबट घटकांसाठी कल्हई नसलेले पितळी वा तांब्याचे भांडे वापरू नये. अशा भांड्यात पदार्थ कळकतो, म्हणजे आम्लामुळे धातू त्यात उतरतो. ॲल्युमिनियमही टाळावे. स्टील, काच किंवा माती योग्य.

विंधन विहिरीच्या जड पाण्यात अंबाडीचा रंग अनेकदा लालभडक न येता मळकट जांभळा येतो. यात बोंडांचा दोष नसतो. अंबाडीचा रंग अँथोसायनिन या द्रव्यांमुळे असतो. ती आम्लात लाल व अल्कधर्मी पाण्यात निळसर होतात. लिंबाचे चार थेंब टाकताच रंग परततो. शाळेतील विज्ञानाच्या तासाला दर्शक म्हणून हा प्रयोग सहज करून दाखवता येतो.

पेय आणि औषध

कोविडच्या साथीत या पेयाला घराघरांत औषधाचे स्थान मिळाले. आयुष मंत्रालयाने मार्च २०२० अखेर दिलेल्या सल्ल्यात तुळस, दालचिनी, काळी मिरी, सुंठ आणि मनुका यांचा काढा दिवसातून एकदा-दोनदा घेण्यास सुचवले होते. पुढे 'आयुष क्वाथ' या नावाने तुळस ४ भाग, दालचिनी २, सुंठ २ व काळी मिरी १ भाग असे मिश्रण प्रसृत झाले. त्याचे ३ ग्रॅम चूर्ण १५० मिली उकळत्या पाण्यासाठी सांगितले होते. म्हणजे औषधाच्या पन्नासपट पाणी. शास्त्रोक्त फांटाच्या चौपट पाण्याशी ताडून पाहिल्यास हे पेय किती सौम्य योजले होते, हे ध्यानात येते. प्रत्यक्षात मात्र अनेक घरांत मूठमूठ मिरी-दालचिनी आटवून तीन-चार वेळा पिण्याची चाल पडली.

याच काळात गुळवेलीचा वापरही वाढला. मुंबईतील डॉक्टरांनी गुळवेलीचे सेवन केलेल्या ६ रुग्णांमध्ये यकृताला इजा झाल्याचे २०२१ मध्ये प्रसिद्ध केले. वनस्पतीची ओळख नीट पटवलेली नाही, ती त्याच प्रजातीतील दुसरी वेल असू शकते, असा आक्षेप आयुष मंत्रालयाने घेतला. वाद कसाही मिटो. रोजच्या चहात गुळवेल घालण्याचे कारण नाही, हे दोन्ही बाजूंच्या म्हणण्यातून निघते.

अडुळशाचीही तीच गोष्ट. खोकल्यावरील ब्रोमहेक्सिन हे आधुनिक औषध अडुळशातील व्हॅसिसिन या द्रव्यावरून घडवले गेले. परंतु व्हॅसिसिन गर्भाशयाचे आकुंचन घडवू शकते, म्हणून गरोदर स्त्रियांनी अडुळसा घेऊ नये. ज्येष्ठमध दीर्घकाळ घेतल्यास रक्तदाब वाढतो. अंबाडी उलट रक्तदाब काहीशी कमी करते, त्यामुळे रक्तदाबाच्या गोळ्या घेणाऱ्यांनी तिचे नित्य सेवन वैद्यकीय सल्ल्यानेच करावे. जांभळाच्या बियांचे चूर्ण मधुमेहाच्या औषधांबरोबर स्वतःच्या मनाने घेणेही धोक्याचे आहे.

रक्तक्षय असणाऱ्यांनी साध्या चहाप्रमाणेच तुरट घटकांचे पेयही जेवणाबरोबर घेऊ नये. त्यांतील टॅनिनवर्गीय द्रव्यांमुळे अन्नातील लोह कमी शोषले जाते. जेवणात लिंबू वा ताजा आवळा असल्यास 'क' जीवनसत्त्वामुळे हे शोषण वाढते.

वनस्पतींची ओळख

रानातून आणलेल्या पाल्याबाबत आणि फळांबाबत एकच नियम पाळावा: जी वनस्पती पान, फूल आणि फळ या तिन्हींवरून ओळखता येत नाही, ती भांड्यात घालू नये. घाणेरीच्या (टणटणी) पानांना उग्र सुगंध असतो व फळांचे घोस आकर्षक दिसतात. पण तिचा पाला खाल्ल्याने गुरांचे यकृत बिघडते आणि कच्ची फळे माणसालाही विषारी आहेत. गुंजेचा गोड पाला विड्यात घालतात, मात्र तिच्याच लाल-काळ्या बियांमध्ये ॲब्रिन हे जहाल विष असते. मोगली एरंडाच्या बिया खाल्ल्याने शाळकरी मुलांना विषबाधा झाल्याच्या घटना महाराष्ट्रात वारंवार घडल्या आहेत.

ओळखीच्या वनस्पतीही कोठून घेतल्या, याला महत्त्व आहे. पैनगंगेच्या दोन्ही तीरांवर कापसाचा पेरा मोठा आहे. २०१७ मध्ये यवतमाळ जिल्ह्यात कीटकनाशकांची फवारणी करताना विषबाधा होऊन शेतकरी व शेतमजूर दगावले होते. ज्या शेतात अशी फवारणी होते, त्याच्या बांधावरील तुळस, अंबाडी किंवा बोरे केवळ धुतल्याने निर्धोक होत नाहीत. पेयासाठीची पाने परसातील कुंडीतून घेणे उत्तम. अंबाडी हवी असल्यास फवारणीविना वाढवलेली निवडावी.

साठवण

पाने व बोंडे सावलीत, जाळीदार कापडाखाली वाळवावीत. उन्हात पानांचा रंग आणि गंध दोन्ही जातात. चिमटीत धरताच पानाचा चुरा झाला म्हणजे ते वाळले असे समजावे. दमट राहिल्यास बुरशी येते व असा पाला टाकून द्यावा लागतो. घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत पाने सुमारे सहा महिने, तर अंबाडीची आवरणे पुढील हंगामापर्यंत चांगली राहतात. तयार पेय त्याच दिवशी संपवावे.