सुलतान खान : पाच वर्षांची कारकीर्द आणि मरणोत्तर किताब

बुद्धिबळातले मोठे खेळाडू कोण, असे विचारले की मुले विश्वनाथन आनंद, मॅग्नस कार्लसन, गुकेश अशी नावे भराभर सांगतात. 2025 मध्ये महिला विश्वचषक जिंकणारी नागपूरची दिव्या देशमुखही आता त्या यादीत आली आहे. पण आनंदच्या जन्माच्या चाळीस वर्षे आधी पंजाबातल्या एका खेड्यातून आलेल्या माणसाने माजी जगज्जेत्याला हरवले होते, हे फार थोड्यांना ठाऊक असते. त्या माणसाचे नाव मीर सुलतान खान.

त्यांचा जन्म विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आजच्या पाकिस्तानातील खुशाब भागात, मिठा टिवाना येथे झाला. वडिलांकडून ते लहानपणीच शतरंज शिकले. हा शब्द मूळचा आपल्याच चतुरंगाचा. इराण आणि अरबस्तान फिरून तो शतरंज होऊन परत आला, आणि येताना मराठीला वजीर व प्यादे देऊन गेला. सुलतान खान शिकले तो खेळ मात्र विलायती बुद्धिबळाहून वेगळा होता. देशी पद्धतीत प्यादे पहिल्या चालीतही एकच घर पुढे जाते. राजा आणि हत्ती एकाच चालीत हलवण्याची युरोपीय पद्धतही त्यात नाही. म्हणजे डावाची सुरुवात कशी करावी यावर युरोपात लिहिल्या गेलेल्या ढीगभर पुस्तकांचा त्यांना काहीच उपयोग नव्हता.

पंजाबातील मोठे जमीनदार सर उमर हयात खान टिवाना यांनी त्यांचा खेळ पाहिला, त्यांना आश्रय दिला आणि विलायती नियम शिकवण्याची सोय केली. 1928 मध्ये सुलतान खान अखिल भारतीय स्पर्धेत अजिंक्य ठरले. नऊ डावांत आठ विजय, एक बरोबरी, पराभव नाही. पुढच्याच वर्षी सर उमर भारतमंत्र्यांच्या कौन्सिलचे सदस्य म्हणून लंडनला गेले आणि सुलतान खान यांनाही सोबत घेऊन गेले. विलायतेत पाऊल ठेवल्यावर काही महिन्यांतच, 1929 च्या उन्हाळ्यात, त्यांनी ब्रिटिश अजिंक्यपद जिंकले. 1932 आणि 1933 मध्ये ते पुन्हा जिंकले.

1930-31 च्या हेस्टिंग्ज स्पर्धेत त्यांच्यासमोर कापाब्लांका होते. क्युबाचे हे खेळाडू 1921 ते 1927 जगज्जेते होते आणि त्यांना हरवणे ही दुर्मीळ गोष्ट मानली जाई. सुलतान खान यांनी त्यांना हळूहळू कोंडीत पकडले आणि 65 चालींत डाव जिंकला. 1931 मध्ये टार्टाकोव्हर यांच्याविरुद्धची लढत त्यांनी साडेसहा विरुद्ध साडेपाच गुणांनी जिंकली. तीन ऑलिंपियाडमध्ये ते ब्रिटनच्या संघाकडून पहिल्या पटावर खेळले. 1931 च्या प्राग ऑलिंपियाडमध्ये त्यांनी रुबिनस्टाइन आणि फ्लोर यांना हरवले, तर तेव्हाचे जगज्जेते अलेखिन यांना बरोबरीत रोखले.

याच घरातील फातिमा या तरुणीने 1933 मध्ये ब्रिटिश महिला अजिंक्यपद जिंकले. अकरा डावांत दहा विजय आणि एक बरोबरी. एकाच वर्षी ब्रिटनची दोन्ही अजिंक्यपदे एका हिंदुस्थानी घरात आली, तीही देश गुलामीत असताना.

त्याच वर्षी अमेरिकन खेळाडू रूबेन फाइन आणि त्यांचे सहकारी सर उमर यांच्या लंडनच्या घरी जेवायला गेले. पंगतीत वाढायला सुलतान खान होते, असे फाइन यांनी पुढे लिहिले. ज्याला भेटायला आपण आलो तोच आपल्याला वाढतो आहे, याने पाहुणे संकोचून गेले. ही हकीकत जगभर पसरली आणि सुलतान खान म्हणजे ‘निरक्षर नोकर’ अशी प्रतिमा पक्की झाली. अलीकडे त्यांच्या नातीने या प्रतिमेला लेखी हरकत घेतली. आमचे आजोबा जमीनदार आणि पीर घराण्यातले होते, ते नोकर नव्हते आणि निरक्षरही नव्हते, असे तिचे म्हणणे आहे.

जेवणाच्या प्रसंगाचा नेमका अर्थ काय लावायचा, यावर मतभेद होऊ शकतात. पण भाषा शिकवणारा म्हणून मला एक गोष्ट खटकते. इंग्रजी न येणे आणि निरक्षर असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपल्याकडे आजही उर्दू किंवा मराठी शाळेतून आलेल्या मुलाला याच मापाने मोजले जाते. ज्यांनी सुलतान खान यांचा इतिहास लिहिला त्यांची भाषा इंग्रजी होती, आणि त्यांचे स्वतःचे म्हणणे जवळजवळ कुठेच नोंदले गेले नाही.

1933 च्या डिसेंबरात सर उमर मायदेशी परतले आणि सुलतान खानही परतले. कारकीर्द संपली ती पराभवाने नव्हे. प्रवास, मुक्काम, स्पर्धेचा खर्च हे सगळे दुसऱ्याच्या हाती होते. मात्र परतण्याचे त्यांना दुःख झाले असेल असेही धरून चालू नये. तिथल्या थंडीत मलेरिया आणि घशाच्या दुखण्याने ते हैराण असत, गळ्याला पट्ट्या गुंडाळून खेळायला बसत. परतल्यावर त्यांना तुरुंगातून सुटल्यासारखे वाटले, असे फातिमा यांनी म्हातारपणी सांगितले. 1935 मध्ये त्यांनी व्ही. के. खाडिलकर यांच्याशी दहा डावांची लढत खेळली आणि फक्त एक बरोबरी दिली. त्यानंतर ते मोठ्या स्पर्धांपासून दूरच राहिले. मुलांना त्यांनी हा खेळ शिकवला नाही. आयुष्यात याहून उपयोगाचे काही करा, असे ते सांगत. 1966 मध्ये सरगोधा येथे त्यांचे निधन झाले.

जागतिक बुद्धिबळ महासंघाने 1950 मध्ये पहिल्यांदा ग्रँडमास्टर किताब दिले, तेव्हा 27 जणांची निवड झाली. खेळ केव्हाच सोडलेले रुबिनस्टाइन त्यांत होते, पण रुबिनस्टाइनना हरवणारे सुलतान खान नव्हते. शेवटी फेब्रुवारी 2024 मध्ये त्यांना मानद ग्रँडमास्टर घोषित करण्यात आले. तेव्हा त्यांच्या निधनाला जवळपास 58 वर्षे झाली होती.

आजच्या मुलांकडे प्रशिक्षक आहेत, संगणक आहे, स्वतःच्या नावावरचे रेटिंग आहे. तरीही स्पर्धेच्या गावी जायचे भाडे कोण देणार, हा प्रश्न अनेक घरांत तसाच आहे. तुमच्या घरी किंवा शाळेत पट असेल तर हेस्टिंग्जचा तो डाव एकदा मुलांपुढे मांडा. पांढरी मोहरी सुलतान खान यांची आहेत. आधी डाव दाखवा, खेळाडू कोण होता ते नंतर सांगा.