जुन्या मोबाइलचें दफ्तर

राज्यें गेलीं तरी दफ्तरें उरतात. परंतु दफ्तरें उरलीं म्हणून तीं वाचणारा उरेलच असें नाहीं. मोडी कागदांच्या बाबतींत महाराष्ट्रानें हा अनुभव घेतलाच आहे. तोच प्रसंग आतां जुन्या मोबाइल फोनवर येऊं पाहत आहे, व त्याची मोडी म्हणजे त्याच्या दुरुस्तीचीं साधनें होत.

भारतांत पहिलें मोबाइल संभाषण ३१ जुलै १९९५ रोजीं झालें. परंतु संगमनेरसारख्या तालुक्याच्या गांवीं हें यंत्र सामान्यांच्या हातीं आलें तें पुढील दशकांत, स्वस्त फोनांमुळें. नोकियाचा ११०० हा फोन २००३ सालीं निघाला व जगांत त्याचे सुमारें पंचवीस कोटि नग खपले. त्याच्या माथ्यावरील दिव्याचें महत्त्व रात्रीं वीज आल्यावर मोटर सुरू करण्यास जाणाऱ्या प्रवराकांठच्या शेतकऱ्यास सांगावयास नको.

फोनचा सांधा तुटला तर मल्टिमीटर, सोल्डरिंग आयर्न व गरम हवेची गन पुरत. सॉफ्टवेअर बिघडलें म्हणजे मात्र कारागिराचा हात थांबे. कारण नोकियाचा 'फीनिक्स' हा प्रोग्राम अधिकृत केंद्रांसाठींच होता. ही अडचण बाहेरच्या तंत्रज्ञांनीं बनविलेल्या 'यूएफएस', 'जॅफ' इत्यादि पेट्यांनीं दूर केली. बॅटरीखालच्या धातूच्या ठिपक्यांस केबल टेंकवून फोनच्या मेमरींत फाइल नव्यानें उतरवावयाची, यालाच 'फ्लॅश मारणें' म्हणतात. कंपनीनें राखून ठेवलेली विद्या अशा रीतीनें टपरीपर्यंत पोंचली, हें आम्ही त्या काळांतील एक मोठें स्थित्यंतर समजतों.

याच साधनांनीं चोरीच्या फोनचा पंधरा आंकडी आयएमईआय क्रमांकहि बदलतां येई. २०१७ च्या नियमांनीं तें बेकायदा ठरविलें. परंतु चोर किल्ली वापरतो म्हणून किल्ली घडविण्याची कला कोणी टाकून देत नाहीं.

नवल हें कीं, पेट्यांच्या कर्त्यांनींहि अखेर कंपन्यांचाच मार्ग धरिला. जॅफ स्वतःच्या खास किल्लीवांचून चालेना; नंतरच्या कित्येक पेट्या दूरच्या सर्व्हरची परवानगी मागूं लागल्या. सर्व्हर बंद पडला कीं पेटी निकामी! नोकियानें फोनचा धंदा एप्रिल २०१४ मध्यें मायक्रोसॉफ्टला दिला. त्याच वर्षीं श्रीपेरुंबुदुरचा कारखाना बंद झाला. आतां जुना संगणक, ड्रायव्हर, फाइल व पेटी यांचा मेळ बसल्यावांचून असा फोन उघडत नाहीं; आणि आंत कोणा घरच्या गेलेल्या माणसाचे निरोप अडकलेले असूं शकतात.

केंद्र सरकारनें जुलै २०२२ मध्यें दुरुस्तीच्या हक्काविषयीं समिति नेमली, हें योग्यच झालें; पण हक्क असून हत्यार नसेल तर त्याचा उपयोग काय? राजवाड्यांनीं गांवोगांव हिंडून कागद मिळविले. तसेंच संगमनेरच्या दुकानांतून या पेट्या, फाइली व कारागिरांचे तोंडी वृत्तान्त आमच्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांनीं आजच जमवावेत. फ्लॅश मारणारा हात अद्यापि हयात आहे, तोंवरच हें काम होण्याजोगें आहे.