इर्शाळवाडी

रायगड जिल्ह्याच्या खालापूर तालुक्यातील, इर्शाळगडाच्या उतारावरची ठाकर समाजाची वाडी. चौक ग्रामपंचायतीत मोडणारी. १९ जुलै २०२३ च्या रात्री दरड कोसळून तिचा मोठा भाग गाडला गेला आणि त्यानंतर तिथली वस्ती कायमची उठली. वृत्तपत्रांत ‘इरशाळवाडी’, ‘इरसालवाडी’ अशीही लेखने आढळतात. गडावर जाणाऱ्या डोंगरभटक्यांना ती बरीच वर्षे नुसती ‘ठाकूरवाडी’ म्हणून ठाऊक होती. कर्जत-खालापूर भागात या नावाच्या वाड्या डोंगरागणिक असल्याने घोटाळा होऊ नये म्हणून गडाचे नाव लावायचे, एवढेच.

चौक हे जुन्या मुंबई-पुणे रस्त्यावरचे, पनवेल आणि खालापूर यांच्या मधले बाजाराचे गाव. पनवेल-कर्जत लोहमार्गावर त्याच नावाचे स्थानक आहे. चौकहून नानिवलीकडे गेले की डांबरी रस्ता संपतो आणि पायवाट चढू लागते. सवय असलेल्याला ती तासाभराची, शहरातून आलेल्याला दीड तासाची. मुंबईपासून वाडीचे अंतर साधारण ८० किलोमीटर असले तरी त्यातला हा शेवटचा टप्पा कोणत्याही चाकाला वर्ज्य होता. रेशन, सिमेंटची गोणी, आजारी माणूस, सगळे खांद्यावरून किंवा डोलीतून. वाडीच्या पुढच्या कथेत या एका गोष्टीला फार महत्त्व आहे.

माथेरान, प्रबळगड आणि इर्शाळगड हे सह्याद्रीच्या मुख्य रांगेपासून सुटून कोकणच्या बाजूला उभे असलेले डोंगर. इर्शाळगडाचा सुळका लांबूनही ओळखू येतो. त्याच्या माथ्याजवळ वाऱ्या-पावसाने आरपार पडलेले नेढे आहे. इतिहासात या गडाचा स्वतंत्र उल्लेख फारसा सापडत नाही. खडकात खोदलेल्या पाण्याच्या टाक्यांवरून तो टेहळणीचे ठाणे असावा असे मानतात. गडाखाली धावरी नदीवर मोरबे धरण असून त्याचे पाणी नवी मुंबईला जाते. गडाच्या अंगावरून हा जलाशय चांगला दिसतो. डोंगरांवर पडणारे पाणी शहराला बारमाही नळाने आणि डोंगरावरच्या वाड्यांना मात्र हंड्याने, हा विरोधाभास कर्जत-खालापुरात नवा नाही. खोपोली आणि भिवपुरीच्या वीजघरांतून सुटणाऱ्या पाण्याने पाताळगंगा आणि पेज या नद्या उन्हाळ्यातही वाहतात. नदीकाठच्या गावांना त्याचा उपयोग झाला, चढावरच्यांना नाही.

इथला खडक सगळा काळा बेसाल्ट. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हाचे थर एकावर एक पसरून तो तयार झाला. थर सारख्या ताकदीचे नाहीत. कठीण थराचा उभा कडा होतो, मऊ थर झिजून उतार पडतो, आणि दोन थरांमध्ये कुठे कुठे तांबड्या मातीची पट्टी असते. कड्यावरून सुटलेले दगड, मुरूम आणि माती शतकानुशतके खालच्या उतारावर साचत जातात. त्या साठ्याखाली खडक, वर कारवीचे रान. मधेच एखादी सपाटी येते, तिला आपण माची म्हणतो. वाड्या वसतात त्या अशा माचीवर, आणि वसवणाऱ्यांच्या अकलेत काही खोट नसते. तिथे थोडी नांगरण्याजोगी जमीन मिळते, रान हाताशी असते आणि मुख्य म्हणजे पाणी मिळते. भेगांतून मुरलेले पाणी कड्याच्या पायथ्याशीच झऱ्याने बाहेर पडते. पण जो उतार पाणी देतो तोच पाणी धरूनही ठेवतो. साचलेली माती खालच्या खडकावर नुसती टेकलेली असते; पावसात ती जड होते आणि आतल्या पाण्याच्या दाबाने तिची पकड सुटते. वाडी जगवणारी आणि वाडी बुडवणारी भूरचना वेगळी नव्हती, हे या नोंदीतले सर्वांत महत्त्वाचे भौगोलिक विधान समजावे.

हवामान कोकणच्या आतल्या पट्टीचे. समुद्र लांब असल्याने उन्हाळा अलिबाग-मुरूडपेक्षा कडक. एप्रिल-मेमध्ये कर्जतकडचा पारा चाळीस अंशांवर जातो आणि झरे बारीक होतात. हिवाळा सुखाचा, डोंगरावर पहाटे चांगली थंडी. पावसाचे प्रमाण उंचीबरोबर वाढत जाते. कर्जत-खालापूरच्या सखल भागात वर्षाला साधारण तीन ते साडेतीन हजार मिलिमीटर, माथेरानच्या पठारावर पाच हजारांच्या आसपास; इर्शाळगड या दोहोंच्या शेजारात. हा सगळा पाऊस चार महिन्यांत पडतो. मृगाच्या सरींनी जमीन भिजते, आर्द्रात ती तृप्त होते, आणि पुनर्वसू-पुष्यात, म्हणजे शेतकरी ज्यांना तरणा आणि म्हातारा पाऊस म्हणतात त्या महिनाभरात, आणखी पाणी मुरायला जागा उरत नाही. महाराष्ट्रातल्या मोठ्या दरडींच्या तारखा पाहाव्यात. महाड तालुक्यातील दासगाव, जुई आणि आसपासची गावे, जुलै २००५ चा शेवटचा आठवडा. आंबेगाव तालुक्यातील माळीण, ३० जुलै २०१४. महाड तालुक्यातीलच तळिये, २२ जुलै २०२१. इर्शाळवाडी, १९ जुलै २०२३. चारही घटना जुलैच्या उत्तरार्धातल्या. हा योगायोग नसून जमिनीत मुरलेल्या पाण्याचा हिशेब आहे, आणि तो पंचांगाइतका वक्तशीर आहे.

लोकसंख्येबद्दल लिहिताना कोशकाराची पंचाईत होते. जनगणना महसुली गावाच्या नावाने छापली जाते. वाडी त्या गावाच्या बेरजेत जिरते. रायगडच्या डोंगरांवर ठाकर, कातकरी आणि धनगर समाजाच्या अशा अनेक वाड्या, पाडे आणि वस्त्या आहेत, ज्यांची माणसे मोजली जातात पण ज्यांचे नाव तक्त्यात येत नाही. २०११ च्या जनगणनेत रायगड जिल्ह्याची लोकसंख्या २६ लाखांवर आणि त्यात अनुसूचित जमातींचे प्रमाण साडेअकरा टक्क्यांच्या आसपास होते. खालापूर आणि कर्जत हे प्रत्येकी दोन लाखांच्या थोडे वरचे तालुके. इर्शाळवाडीचा स्वतंत्र आणि सर्वांना माहीत झालेला आकडा मिळाला तो दुर्घटनेनंतर: सुमारे ४८ कुटुंबे, २२८ माणसे. कोण घरात होते, कोण पाहुणा म्हणून बाहेर गेले होते, कोणती मुले आश्रमशाळेत होती, हे एकेक नाव घेऊन तपासल्यावर तो पक्का झाला. गावाचे वर्णन आपत्तीच्या पंचनाम्यातून काढावे लागणे ही काही अभिमानाची बाब नाही.

रहिवासी ठाकर. ‘क ठाकूर’ आणि ‘म ठाकूर’ या पोटविभागांसह हा समाज अनुसूचित जमातींत गणला जातो. बोली ठाकरी, मराठीच्या फार जवळची. शेती दोन प्रकारची: खाचरात भात आणि उताराच्या वरकस जमिनीवर नाचणी, वरई. उन्हाळ्यात पालापाचोळा, शेण, फांद्या जाळून राब भाजायचा, पहिल्या पावसात त्यावर रोपे करायची आणि जुलैत लावणी उरकायची. शेतीवर वर्ष निघत नाही. उरलेले रानावर आणि मजुरीवर. पावसाच्या तोंडावर शेवळे, मग कुर्डू, टाकळा, भारंग, कंटोळी. उन्हाळ्यात करवंदे आणि जांभळे. ही रानभाजी आणि रानमेवा डोक्यावर घेऊन बाया पहाटेच डोंगर उतरत आणि चौक-पनवेलच्या बाजारात रस्त्याकडेला बसत. पनवेलच्या भाजीबाजारात शेवळाची जुडी ज्यांनी घासाघीस करून घेतली आहे त्यांनी अशाच एखाद्या वाडीच्या महसुलाचा भाव पाडला आहे. पहिल्या पावसात ओढ्यात खेकडे आणि चढणीचे मासे. गेल्या काही दशकांत शनिवार-रविवारचे ट्रेकर हीही कमाईची एक बाब झाली: गडावर वाट दाखवणे, चहा, पिठले-भाकरी.

घरांची जुनी पद्धत कुडाची. कारवीच्या काठ्या उभ्या बांधून त्यांवर शेणमातीचा गिलावा, वर कौले, पुढे ओटा आणि पडवी. कारवी दर सात वर्षांनी एकदाच फुलून मरते. मेलेल्या काठ्या घराला, चुलीला, मांडवाला. अलीकडे विटा आणि पत्रे आले, पण पायवाटेने जेवढे चढवता येईल तेवढेच.

१७ ते १९ जुलै २०२३ या तीन दिवसांत या परिसरात ४९९ मिलिमीटर पाऊस झाल्याचे सरकारने विधानसभेत सांगितले. पुण्यात वर्षभरात सरासरी सातशेच्या आसपास पडतो, यावरून त्याचा अंदाज यावा. १९ तारखेच्या रात्री साडेदहा ते अकराच्या सुमारास वाडीवरचा उतार सुटला. लावणीचे दिवस, माणसे दिवसभर चिखलात वाकून आलेली, बहुतेक घरे झोपलेली. अमावास्या होऊन दोनच दिवस झाले होते. वाडीतल्या शाळेत जमलेल्या काही तरुणांनी आवाज ऐकून धावाधाव केली आणि खाली खबर दिली, असे त्या वेळी वृत्तपत्रांनी दिले.

मदत चढून जावी लागली. मातीउपसा यंत्रे वर पोहोचू शकत नव्हती, आणि हेलिकॉप्टर सज्ज असूनही ढगांमुळे उतरता येईना. राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाचे जवान, खोपोलीच्या यशवंती हायकर्ससारखे स्थानिक गिर्यारोहक आणि आसपासच्या गावांतली माणसे यांनी फावडी-घमेली घेऊन हाताने माती उपसली. नवी मुंबई अग्निशमन दलाचा एक कर्मचारी चढतानाच हृदयविकाराने दगावला. शोधकार्य २३ जुलैला थांबवण्यात आले. तोवर २७ मृतदेह हाती लागले होते, १४४ रहिवासी जिवंत असल्याचे निश्चित झाले होते आणि ५७ जणांचा पत्ता नव्हता. या ५७ जणांना पुढे मृत मानण्यात आले. बेपत्ता माणूस कायद्याने मृत ठरायला एरवी सात वर्षे जावी लागतात. इथे तेवढे थांबणे म्हणजे वारसांवर दुसरा अन्याय झाला असता.

दरडप्रवण गावांच्या सरकारी यादीत इर्शाळवाडीचे नाव नव्हते. अशी यादी पूर्वी घडलेल्या घटना आणि पाहणी यांवर बनते. जिथे कधी काही घडल्याची नोंद नाही आणि जिथे पाहणीचे पथक सहसा चढत नाही, ती वाडी यादीत येणार कशी? माळीणही २०१४ पूर्वी कोणाच्या डोळ्यांपुढे नव्हते. धोका ओळखण्याचे काम घटनेकडून मागे न जाता उताराकडून पुढे व्हायला हवे: कड्याखालचा मातीचा साठा किती जाड, पाणी कुठून फुटते, झाडे तिरकी झाली आहेत का, जमिनीला आडवी भेग गेली आहे का. या खुणा ओळखायला उपग्रहच हवा असे नाही. नवीन भेग किंवा गढूळ झालेला झरा वाडीतला माणूस पहिल्यांदा पाहतो. ते सांगायचे कोणाला, हे त्याला माहीत असले पाहिजे. चोवीस तासांत अमुक एवढा पाऊस पडला की वस्ती खाली उतरवायची, असा साधा नियम आणि खाली राहण्याची तयार सोय, एवढ्याने बरेच जीव वाचू शकतात. मात्र गुरे वर सोडून, लावणी अर्धी टाकून माणसे उतरणार नाहीत, हे गृहीत धरूनच तो नियम करावा लागेल.

वाचलेल्या कुटुंबांना प्रथम चौकजवळ कंटेनरच्या तात्पुरत्या घरांत ठेवले आणि पुढे सिडकोमार्फत चौक परिसरात ४४ घरांची वसाहत उभारण्यात आली. पक्के घर, रस्ता, वीज आणि दवाखाना जवळ आले; रान, वरकस आणि झरा लांब गेले. पायथ्याशी राहून पोट कशावर भरायचे, हा प्रश्न घराच्या चावीने सुटत नाही. डोंगरउतारावरच्या प्रत्येक पुनर्वसनात तो येतो, आणि तो घराच्या आराखड्याइतक्याच काळजीने हाताळला जाताना क्वचित दिसतो.

इर्शाळगडाची वाट जुन्या वाडीवरून जाते. गडावर जाऊ इच्छिणाऱ्यांनी पावसाळ्यात तालुका प्रशासनाकडे चौकशी केल्याशिवाय निघू नये. आणि वाडीची जागा हे प्रेक्षणीय स्थळ नव्हे. न सापडलेली माणसे अजून त्याच मातीत आहेत. तिथे फोटोसाठी थांबू नये.