दिनविशेष : २३ डिसेंबर
१९२१ : शांतिनिकेतनात विश्वभारतीची रीतसर स्थापना, अध्यक्षस्थानी तत्त्वचिंतक ब्रजेंद्रनाथ सील. असहकाराची लाट ऐन भरात होती, मुले सरकारी कॉलेजे सोडत होती आणि रवींद्रनाथ टागोर मात्र पूर्व-पश्चिमेला एका आवारात बसवू पाहत होते. पश्चिमेच्या विद्येकडे पाठ फिरवणे त्यांना पटत नव्हते. महात्मा गांधींशी त्यांचा जाहीर मतभेद याच वर्षीचा. पहिले पाहुणे अध्यापक होते पॅरिसचे संस्कृत पंडित सिल्व्हाँ लेव्ही. त्यांनी इथे चिनी आणि तिबेटी शिकवायला सुरुवात केली. म्हणजे बंगालातल्या माळरानावर फ्रेंच माणूस भारतीयांना चिनी शिकवतो आहे! पुढच्याच वर्षी इंग्रज शेतीतज्ज्ञ लेनर्ड एल्महर्स्ट यांनी शेजारच्या सुरुल गावी ग्रामसुधारणेचे काम हाती घेतले; तेच श्रीनिकेतन. १९३७ मध्ये चीनभवन उभे राहिले. १९०१ साली अवघ्या पाच-सहा मुलांनिशी सुरू झालेली शाळा १९५१ मध्ये केंद्रीय विद्यापीठ झाली. पन्नाशी गाठलेले पु. ल. देशपांडे बंगाली शिकायला गेले, ते इथेच.