2700 कॅलरींचा कायदा

श्रोतेहो, सुरुवातीला एक कल्पना करून पाहू. समजा, उद्या कुणी शास्त्रज्ञ उठला आणि म्हणाला, कायदा ही भौतिकशास्त्राचीच एक शाखा आहे. न्याय म्हणजे समतोल, अन्याय म्हणजे ढळलेला समतोल. मोजमाप नीट घ्या, गणित मांडा, निकाल आपोआप निघेल. न्यायाधीश कशाला हवा? तत्त्वज्ञानाच्या वर्गात आम्ही असल्या कल्पना मुलांपुढे टाकायचो, मुलं हसायची. आपल्या भाषेतच फरक आहे ना! पडणाऱ्या दगडाला नियम असतो, त्याला आपण कायदा म्हणत नाही. सिग्नल तोडला तर पावती फाटते. गुरुत्वाकर्षण तोडायची सोयच नाही. इंग्रजीत दोन्हींना ‘लॉ’ हा एकच शब्द, त्यामुळे तिकडे घोळ व्हायला जागा जास्त. (वेदांतलं ऋत सूर्यालाही लागू आणि माणसालाही, हे खरं, पण त्यात शिरलो तर आजचं व्याख्यान तिथेच संपेल.)

मुद्दा असा, की ही कल्पना आपल्या पायाखाली आहे. निगडीपासून चाकणपर्यंत शिफ्टच्या बसेस भरून माणसं जातात. त्यातल्या सगळ्यात खालच्या माणसाला निदान किती पगार मिळावा, या हिशेबाचा पाया एका उष्णतेच्या एककावर घातलेला आहे. ते एकक म्हणजे कॅलरी.

माणूस हे उष्णतेचं यंत्र आहे, हा विचार जुना. 1789 मध्ये, फ्रान्समध्ये क्रांती होत होती त्याच वर्षी, लाव्हाझिए आणि त्याचा सहकारी सेगँ यांनी श्वास मोजून दाखवलं की काम करणारा माणूस जास्त प्राणवायू जाळतो. त्यांनी लगेच पुढचा प्रश्नही विचारला: अंगमेहनत करणारा गरीब जास्त जाळतो, तर भरपूर अन्न मात्र बसून राहणाऱ्या श्रीमंताच्या घरी का? बघा, मोजमाप प्रयोगशाळेत झालं आणि दुसऱ्याच वाक्यात न्यायाचा प्रश्न आला.

आपल्याकडे हा प्रयोग झाला तो प्रयोगशाळेत नाही, दुष्काळी कामांवर. 1876-78 चा दुष्काळ. सर रिचर्ड टेंपल या अधिकाऱ्याने 1877 च्या आरंभी ठरवलं की खडी फोडणाऱ्या पुरुषाला रोज एक पौंड धान्य आणि वर एक आणा पुरे. एक पौंड म्हणजे साडेचारशे ग्रॅम. तांदूळ धरला तर आजच्या हिशेबाने साधारण 1600 कॅलरी. एवढ्यावर माणूस जगतो का, हे ‘करून पाहायचं’ होतं. मद्रासचे सरकारी डॉक्टर कॉर्निश यांनी कडाडून विरोध केला. मुंबई इलाख्यातही मजुरी कापली गेली आणि लोक कामं सोडून निघून गेले. पुण्याची सार्वजनिक सभा, म्हणजे गणेश वासुदेव जोशी आणि त्यांच्याबरोबर न्यायमूर्ती रानडे, सरकारला अर्जावर अर्ज लिहीत होती. त्यांनी तुलना कशाशी केली? तुरुंगातल्या कैद्याच्या शिध्याशी. आम्हाला हे फार हुशारीचं वाटतं. टेंपलसाहेबाच्या आकड्याला त्यांनी सरकारचाच दुसरा आकडा दाखवला आणि विचारलं, गुन्हेगाराला जास्त आणि निरपराध भुकेल्याला कमी, हे कुठल्या न्यायाने? त्याच वर्षी टेंपल मुंबईचे गव्हर्नर झाले, तो भाग वेगळा.

आता ऐंशी वर्षं पुढे येऊ. 1957 च्या जुलैमध्ये दिल्लीत पंधरावी भारतीय श्रम परिषद भरली. सरकार, मालक आणि कामगार संघटना एकत्र बसल्या आणि किमान वेतनाचं सूत्र ठरलं. कुन्नूरच्या पोषण प्रयोगशाळेचे पूर्वीचे संचालक डॉ. ॲक्रॉइड यांच्या शिफारशीवरून मध्यम श्रमाच्या प्रौढ माणसाला दिवसाला 2700 कॅलरी. माणशी वर्षाला 18 वार, म्हणजे चौघांच्या कुटुंबाला 72 वार कापड. घरभाडं. इंधन, दिवाबत्ती आणि किरकोळ खर्चाला एकूण वेतनाच्या 20 टक्के.

2700 कॅलरी म्हणजे विजेच्या भाषेत साधारण 3.1 युनिट. महावितरणच्या बिलात मांडलं तर एक माणूस एवढाच. पण खरी मेख पुढे आहे. कमावणाऱ्याच्या घरात खाणारी माणसं किती धरायची? परिषद म्हणाली, तीन ‘युनिट’. हिशेब पुढे रूढ झाला तो असा: पुरुष एक, बायको 0.8, दोन मुलं 0.6 प्रमाणे. बेरीज बरोबर तीन. श्वास मोजून 2700 काढता येतात. घरात कोण धरायचं आणि कोण नाही, हे सांगणारा थर्मामीटर कुठे मिळतो?

याच पट्ट्यातला एक खटला सांगतो. 1954 मध्ये पिंपरीला हिंदुस्तान अँटिबायोटिक्स उभी राहिली. सरकारी कारखाना, पेनिसिलिनचा. तिथल्या वेतनाचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. सरकारी उद्योग नफ्यासाठी नसतो, तेव्हा वेतनाची खासगी उद्योगाची तत्त्वं त्याला कशी लावायची, हा प्रश्न होता. न्यायालयाने तो फरक मानला नाही. हा निकाल 1967 च्या निकालसंग्रहांत सापडतो. कामगाराला भाजीवाला काही सरकारी दर लावत नाही!

आणि मग 1991 चा रेप्टाकोस ब्रेट खटला. महागाई भत्त्याची जुनी पद्धत कंपनीला बदलायची होती. न्यायालयाने 1957 चं सूत्र समोर घेतलं आणि त्यात एक सहावा घटक घातला: मुलांचं शिक्षण, औषधपाणी, सणसमारंभासकट किमान करमणूक, म्हातारपणाची आणि लग्नाची तरतूद, यासाठी 25 टक्के. दिवाळीची कॅलरी किती? मुलीच्या लग्नाचे ज्यूल किती? हे 25 टक्के कुणी मोजलेले नाहीत, न्यायाधीशांनी ठरवलेले आहेत. आमच्या मते भारतीय कामगार कायद्यातली ही फार मोलाची बेरीज आहे, आणि ती भौतिकशास्त्रात कुठेच बसत नाही.

2019 मध्ये केंद्राने नेमलेल्या सत्पथी समितीने कॅलरी 2400 वर आणल्या, कारण कामं पूर्वीइतकी अंगमेहनतीची उरली नाहीत. पण प्रथिनं आणि स्निग्धांश वेगळे मोजायला सांगितले आणि कुटुंब तीनऐवजी 3.6 युनिटांचं धरलं. त्यानंतर वेतन संहितेच्या नियमांचा केंद्राचा मसुदा आला. त्यात पुन्हा 2700 आणि पुन्हा तीन. कापड तेवढं वारांऐवजी मीटरमध्ये, 66.

त्या तीनमध्ये कमावणारा, जोडीदार आणि दोन मुलं आहेत. चाकणला एका खोलीत चौघं राहणारा कंत्राटी पोरगा दर महिन्याला गावी ज्यांना पैसे पाठवतो, ती आई आणि ते वडील त्या हिशेबात आजही शून्य युनिट आहेत.